दिनशा घडियाली आणि रंगांची चिकित्सा

श्रावणातल्या हिरव्या रानाकडे पाहून मन निवते, भडक तांबड्या रंगाने ते चाळवते, हा अनुभव कोणास नाही? परंतु एवढ्याशा अनुभवावर अखंड चिकित्साशास्त्र उभारण्याचे धाडस एका मुंबईकर पारशी गृहस्थाने केले. दिनशा पेस्तनजी घडियाली हे त्यांचे नाव. जन्म १८७३ चा.

१८९७ मधील एका आजारी तरुणीची हकीकत ते जन्मभर सांगत. आतड्याच्या विकाराने ती मरणपंथास लागली होती; औषधे हरली होती. अमेरिकेतील एडविन बॅबिट यांचा प्रकाश व रंग यांवरील १८७८ चा ग्रंथ दिनशांच्या वाचनात आला होता. त्यांनी लोणच्याची जांभळट निळी बाटली घेतली, दिव्याचा उजेड तिच्यातून रोग्यावर पाडला, आणि थोड्याच दिवसांत तरुणी उठून बसली. या कथेला साक्ष त्यांची स्वतःचीच. शिवाय पोटाचे दुखणे पुष्कळदा आपल्या पायांनीही निघून जाते. ही शंका त्यांना शिवली असती तर पुढचे सारेच निराळे घडले असते.

१९११ साली ते अमेरिकेत गेले व १९२० मध्ये न्यूयॉर्क येथे त्यांनी आपली ‘स्पेक्ट्रो-क्रोम’ पद्धती व्याख्यानांतून मांडली. यंत्र साधेच होते : एक पेटी, तीत प्रखर विजेचा दिवा आणि पुढे रंगीत काचा. पाच काचांच्या मेळातून बारा रंग निघत व प्रत्येकाकडे निरनिराळे काम सोपविलेले असे. जांभळ्याने झोप यावी, किरमिजीने भावनांचा तोल सांभाळावा. रोग्याने काळोख्या खोलीत, उघड्या अंगाने, उत्तरेकडे डोके करून तासभर त्या प्रकाशात पडून रहावे. (आपल्याकडे उत्तरेस डोके करून निजू नये म्हणतात, दिनशांनी नेमकी तीच दिशा निवडली!) कामाच्या रगाड्यात पिचलेल्या माणसाला तासभर अशी निवांत स्वस्थता लाभली तर त्याच्या चित्तास विश्रांती मिळणारच. दिनशांचे अनुयायी सारेच भोळे होते असेही नव्हे. फिलाडेल्फियाच्या शल्यविशारद डॉ. केट बाल्डविन यांनी हे यंत्र आपल्या रुग्णांवर वापरले होते, आणि १९३१ साली बफेलो येथे दिनशांवर फसवणुकीचा खटला चालला तेव्हा त्या त्यांच्या बाजूने साक्षीस उभ्या राहिल्या. दिनशा निर्दोष सुटले.

पण मनाला मिळणारी विश्रांती आणि मधुमेहावरील इन्सुलिन यांत जे अंतर आहे, तेच या पद्धतीने पुसून टाकले. १९४७ मध्ये न्यू जर्सीतील कॅम्डेनच्या न्यायालयात ते उघडे पडले. इन्सुलिन सोडून रंगीत प्रकाशावर विसंबलेल्या एका मधुमेह्याच्या मृत्यूची हकीकत त्याच्या मुलाने सांगितली. अपस्मार बरा झाला असे सांगण्यास आलेल्या बचावाच्या साक्षीदारास तर साक्षीच्या पिंजऱ्यातच झटका आला, आणि सरकार पक्षाच्या डॉक्टरांना धावावे लागले. दिनशांना दंड झाला व त्यांचे वाङ्मय नष्ट करण्याचा हुकूम सुटला. त्या वेळी ते सत्तरी ओलांडलेले होते. ज्ञान जाळले जात आहे असे त्यांना मनोमन वाटले असणार. त्यांना निव्वळ ठक म्हणणे म्हणूनच अवघड जाते. तथापि त्या मुलाचा बाप परत येणार नव्हता.

त्यांनी पुन्हा नवी संस्था काढली. तिच्यावरही १९५८ मध्ये न्यायालयाचा कायमचा मनाईहुकूम आला. योगायोग असा की, त्याच वर्षी इंग्लंडमधील डॉक्टरांनी निळ्या प्रकाशाने नवजात अर्भकांची कावीळ उतरते हे प्रसिद्ध केले. या प्रकाशाने त्वचेतील पित्तरंजक द्रव्याचे रूप पालटते आणि ते शरीराबाहेर पडू शकते. किती उतरले ते रक्त तपासून मोजता येते. बाळाचे डोके कोणत्या दिशेस आहे, याला तेथे महत्त्व नाही. दिनशा १९६६ मध्ये वारले. त्यांच्या मुलाने ती पद्धती पुढे चालविली.