सुरूच्या बनातील काळा काकाकुवा



काकाकुवा म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे येतो तो पिंजऱ्यातील पांढराशुभ्र, पिवळ्या तुऱ्याचा, शिकविलेले दोन शब्द ऐटीत बोलून दाखविणारा पक्षी. आज ज्या काकाकुव्याची ओळख आपणांस करून द्यावयाची आहे, तो रंगाने काळा आणि स्वभावाने अबोल असून रानात एका विशिष्ट वृक्षावाचून त्याचा निर्वाहच होत नाही.

ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेकडील अरण्यांत हा पक्षी आढळतो. त्याची एक उपजाती दक्षिणेस कांगारू बेटावर राहते. हे बेट गोव्याहून काहीसे मोठे, सुमारे ४,४०० चौरस किलोमीटरांचे आहे. समोरच्या मुख्य भूमीवरही ही उपजाती पूर्वी होती. परंतु शेतीसाठी व मेंढरांच्या कुरणांसाठी तेथील रान तुटले आणि पक्षीही नाहीसा झाला. आता तिला हे एकच घर उरले आहे.

काळ्या काकाकुव्यांत हा सर्वांत लहान. लांबी जेमतेम दीड फूट. डोके तपकिरी, अंग तकतकीत काळे, तुरा आखूड आणि चोच मात्र अंगाच्या मानाने भलीमोठी. नराच्या शेपटीत तांबडाभडक पट्टा असतो. मादीच्या तांबड्या पट्ट्यावर काळ्या रेघा असतात आणि तिच्या डोक्यावर व मानेवर पिवळे ठिपके विखुरलेले दिसतात.

त्याचे अन्न म्हणजे सुरूचे बी. कोकणच्या व गोव्याच्या किनाऱ्यावर आपण जे सुरू पाहतो, त्याच कुळातील, झुकत्या फांद्यांचा एक वृक्ष कांगारू बेटावर वाढतो. त्याचे नर व मादी वृक्ष निरनिराळे असतात व बोंडे फक्त मादी वृक्षालाच येतात. काकाकुवा बोंड तोडून बहुधा डाव्या पायात धरतो, कारण हा पक्षी प्रायः डावखुरा आहे. मग चोचीने ते फिरवीत फिरवीत कुरतडतो आणि आतले बारीक बी जिभेने टिपतो. बी इतके लहान की पोट भरण्यासाठी दिवसाचा बराच वेळ खर्ची घालावा लागतो. म्हणून रानात हा पक्षी शोधणारा मनुष्य वर पाहण्याआधी कान देतो. बोंडे फुटण्याचा कटकट आवाज आणि झाडाखाली पडलेला ताजा चुरा यांवरून तो सापडतो.

घरट्यासाठी त्याला जुन्या निलगिरीची ढोली लागते. अशी ढोली तयार व्हावयास शंभराहून अधिक वर्षे जावी लागतात. मादी त्यात एकच अंडे घालते व सुमारे महिनाभर उबविते. त्या काळात तिला भरविण्याचे काम नराकडे असते. पिलू बाहेर पडावयास आणखी तीन महिने लागतात. इतक्या सायासाने वाढविलेला संसार पॉसम नावाचा, पोटाला पिशवी असलेला निशाचर प्राणी एका रात्रीत उद्ध्वस्त करतो. तो खोडावरून चढून ढोलीतील अंडे किंवा पिलू खातो.

१९९५ च्या सुमारास बेटावर दोनशेंहूनही कमी पक्षी उरले होते. तेव्हा रक्षणासाठी योजलेला उपाय अगदी साधा होता. घरट्याच्या झाडाच्या खोडाभोवती गुळगुळीत पत्रा गुंडाळावयाचा, म्हणजे पॉसमच्या नख्यांना पकड मिळत नाही; आणि शेजारच्या झाडाची फांदी टेकत असेल तर ती छाटावयाची. पूर्वी शंभर घरट्यांपैकी सुमारे २३ यशस्वी होत, ती पत्र्यामुळे ४२ होऊ लागली. जोडीला सुरूची लागवड झाली, लाकडी पेट्या टांगण्यात आल्या, आणि पक्ष्यांची संख्या साडेतीनशेंच्या वर गेली.

त्यानंतर २०१९ च्या डिसेंबरात वणवा पेटला. जानेवारी २०२० पर्यंत जवळजवळ अर्धे बेट जळाले. काकाकुव्याच्या चाऱ्याचे निम्म्याहून अधिक रान त्यात गेले. सुदैवाने बेटाचा पूर्व भाग वाचला, आणि त्यानंतरच्या गणनेत चारशेंच्या वर पक्षी मोजले गेले. तथापि, एवढ्याने निश्चिंत होता येत नाही. नव्याने लावलेल्या सुरूला बोंडे धरावयास कित्येक वर्षे लागतात, आणि जळालेल्या ढोलीची जागा घेणारी ढोली आज हयात असलेल्यांपैकी कोणीही पाहणार नाही. तोपर्यंत पेट्या टांगावयाच्या, पत्रे दुरुस्त करावयाचे आणि रोपे लावीत राहावयाचे, एवढेच माणसाच्या हाती आहे.

आपल्या किनाऱ्यावर कधी फिरावयास गेलात तर सुरूचे एखादे वाळलेले बोंड उचलून तळहातावर झटकून पाहा. पापुद्र्यासारखे चिमुकले पंख असलेले बी खाली पडेल, वाऱ्याने उडूनही जाईल. तसल्याच बियांवर कांगारू बेटावरील त्या काळ्या पक्ष्याचा सारा प्रपंच चालतो.