जोडनावातली फुलं

मुंबई मेट्रोच्या ७ क्रमांकाच्या मार्गिकेनं दहिसरहून अंधेरीकडे निघालात, की जोगेश्वरी पूर्व गेल्यावर स्थानक येतं मोगरा, आणि मग शेवटचं गुंदवली. २०२३च्या जानेवारीत ही स्थानकं सुरू झाली, पण मोगरा हे नाव इथं त्याच्या कितीतरी आधीपासून आहे. अंधेरीतल्या एका जुन्या गावाचं ते नाव. मोगरा पाडा आहे, मोगरा नाला आहे. वर दहिसरला केतकीपाडा आहे. ज्या उपनगरांत गावांची आणि पाड्यांची नावं अशी आहेत, तिथल्या घरांतून मुलींच्या नावांत फुलं आली नसती तरच नवल. आज मी बोलणार आहे ते या फुलांच्या नावांबद्दल, आणि त्यातही जोडनावांबद्दल. कारण अलीकडे बारशाच्या आधी आईबाप हमखास विचारतात : जाईजुई असं एकच नाव ठेवलं तर चालेल का? लिली-रोझ ठेवावं का? अर्थ काय त्याचा, आलं कुठून ते?

विचारतात ते चांगलंच आहे. नाव आयुष्यभर पुरणार असतं, त्याची चौकशी व्हायलाच हवी.

लिली-रोझपासून सुरुवात करते. इंग्लंड-अमेरिकेत आणि फ्रान्समध्ये हे नाव बरंच चालतं. फ्रेंच लोकांना जोडनावांची सवय जुनी, मारी-क्लेर, मारी-रोझ अशी. जॉनी डेप आणि व्हनेसा पारादी यांनी १९९९ साली जन्मलेल्या आपल्या मुलीचं नाव लिली-रोझ ठेवलं, आणि हे नाव जगभर पुष्कळांच्या कानावर गेलं. पण ही जोडी कुणाला सहज सुचली म्हणून झालेली नाही. ख्रिस्ती परंपरेत ही दोन्ही फुलं मारियेची. पांढरी लिली तिच्या निर्मळपणाची खूण. गुलाबही तिचाच, इतका, की जपमाळेला रोझरी म्हणतात ते ‘रोझारियम’ या लॅटिन शब्दावरून, म्हणजे गुलाबांची बाग. लिली-रोझ या नावात मारियेचं नाव न घेता मारिया दोनदा येते.

हे कळलं, की बोरिवलीच्या आय. सी. कॉलनीत, मरोळमध्ये किंवा आंबोलीत जुन्या ईस्ट इंडियन ख्रिस्ती घरांतून लिली आणि रोझी एवढ्या का भेटतात ते उमगतं. साष्टीवर पोर्तुगीज अंमल होता तो १७३०च्या दशकात चिमाजी आप्पांच्या मोहिमेपर्यंत. अंधेरीत आज सीप्झच्या आवारात उभं असलेलं सेंट जॉन द बॅप्टिस्टचं पडकं चर्च १५७९चं. तेव्हापासून घरात मराठी बोलणारी ही माणसं, नावं मात्र पोर्तुगीज आणि पुढं इंग्रजी. १८८७ साली त्यांनी आपली ईस्ट इंडियन असोसिएशन स्थापन केली. एखाद्या नव्या मुलीचं नाव या घरांत लिली-रोझ ठेवलं, तर ते परदेशी नटाचं अनुकरण असेलच असं समजू नका. एक आजी लिली, दुसरी रोझी, असंही असू शकतं. मला तर ते नाव तिथंच सगळ्यात जास्त शोभतं.

याच घरांतलं आणखी एक आवडतं नाव रोझमेरी. ऐकताना वाटतं, रोझ आणि मेरी, झालं जोडनाव. मुळात तसं नाही. रोझमेरी हे भूमध्य समुद्राकाठचं, सुईसारख्या पानांचं, निळसर फुलांचं सुगंधी झुडूप. लॅटिनमध्ये ते ‘रोस मारीनुस’, म्हणजे समुद्राचं दव. गुलाबही नाही आणि मारियाही नाही. पण माणसांना त्यात दोन्ही दिसली, आणि लेकीचं नाव ठेवताना ती तेच मनात धरून ठेवतात. यात मला काही चूक वाटत नाही. नावाची व्युत्पत्ती एक असते, आणि ठेवणाऱ्याची इच्छा दुसरी. मुलीला दोन्ही माहीत असाव्यात.

हिब्रूतलं शोशन्ना हे नाव तर याहून सुंदर. इंग्रजीतली सुझान त्यातूनच आली. शोशन्ना म्हणजे लिली, आणि आजच्या बोलण्यात पुष्कळजण गुलाबालाही शोशन्ना म्हणतात. जी दोन फुलं जोडायला इतरांना मध्ये रेघ लागली, ती इथं एकाच शब्दात नांदताहेत.

आता आपल्या अंगणात येऊ. फुलाला काहीतरी जोडून मुलीचं नाव पुरं करायची आपल्याकडे जुनी रीत आहे. पुष्पलता, कुसुमावती, पद्मजा, सरोजिनी, निशिगंधा. ही सगळी जोडनावंच आहेत, फक्त मधली रेघ दिसत नाही. समासानं आणि प्रत्ययानं सांधा असा बुजवला आहे, की आपल्याला ते एकच नाव वाटतं. पंकजा घ्या. पंक म्हणजे चिखल, जा म्हणजे जन्मलेली. चिखलातून वर आलेली, असं धीट नाव लेकीला ठेवणारे लोक आपण. गुलाब हा शब्दसुद्धा जोडलेलाच. फारसीत गुल म्हणजे फूल आणि आब म्हणजे पाणी. गुलाब म्हणजे मूळचं गुलाबपाणी.

निशिगंधा या नावाबद्दल थोडं थांबून सांगावंसं वाटतं. निशि आणि गंध, दोन्ही अस्सल संस्कृत. ऐकल्यावर वाटावं, कालिदासाच्या काळापासून हे फूल आपल्याकडे दरवळत असेल. प्रत्यक्षात हे झाड मूळचं मेक्सिकोचं, युरोपच्या वाटेनं आपल्याकडे आलं. कुणीतरी त्याचा रात्रीचा वास घेतला आणि त्याला आपल्या भाषेतलं नाव दिलं. मग ते नाव देवाच्या हारात गेलं, लग्नाच्या मांडवात गेलं, आणि शेवटी पाळण्यात. परक्या फुलाला आपलं करून घेण्याची ही रीत मला फार मोलाची वाटते. अमुक नाव आपलं आणि तमुक बाहेरचं, असा वाद कुणी घालू लागलं, की मला निशिगंधा आठवते.

जोडण्याची दुसरी रीत माणसांच्या तोंडची. फुलाला बाई लावली, ताई लावली, की नाव भारदस्त झालं. जाईबाई, गुलाबबाई, मालतीबाई. केसर म्हणजे तरी काय, एका जांभळ्या फुलाच्या पोटातले लाल तंतू. त्याला बाई जोडून झालेल्या केसरबाई केरकरांचा आवाज १९७७ साली व्हॉयेजर यानांबरोबर अंतराळात गेला. आणि उपनगरात राहून मृणालताईंचं नाव न घेणं शक्यच नाही. मृणाल म्हणजे कमळाचा देठ, आतला नाजूक तंतू. ते नाव धारण करणाऱ्या मृणाल गोरे यांनी गोरेगावच्या बायकांना घेऊन पाण्यासाठी मोर्चे काढले, १९७७ साली त्या लोकसभेत गेल्या, आणि लोकांनी त्यांना ‘पाणीवाली बाई’ म्हटलं. पाण्यात वाढणाऱ्या देठाचं नाव, आणि आयुष्य पाण्यासाठी झगडण्यात गेलेलं. गोरेगावात त्यांच्या नावाचा उड्डाणपूल आहे.

घाटकोपरच्या गुजराती चाळींतून हीच रीत बेन लावून चाललेली दिसेल : चंपाबेन, पुष्पाबेन. मुलुंडच्या तमिळ घरांतली एखादी अलमेलू भेटली तर तिला नावाचा अर्थ जरूर विचारा. अलर् म्हणजे फूल, मेल् म्हणजे वर, आणि मंगै म्हणजे स्त्री. फुलावर बसलेली ती, म्हणजे तिरुचानूरची पद्मावती. तीन शब्दांचं नाव शतकानुशतकं जिभेवर घोळून चार अक्षरांवर आलं आहे.

आणि बहिणीचं फुलाचं नाव भावानं लावल्याचं उदाहरण तर मराठीला घरचंच आहे. विष्णु वामन शिरवाडकरांच्या बहिणीचं नाव कुसुम. तिचा अग्रज, थोरला भाऊ, म्हणून ते कुसुमाग्रज. २७ फेब्रुवारीला त्यांचा जन्मदिवस आपण मराठी भाषा गौरव दिन म्हणून साजरा करतो, तेव्हा एका मुलीचं फुलाचं नावही आपण दरवर्षी घेतो.

आता जाईजुई. ही दोन्ही मोगऱ्याच्या कुळातली, पण वेगळी. जाई म्हणजे संस्कृत ‘जाती’, प्राकृतात तिची जाई झाली. जायफळ आणि जायपत्री यांच्यात जो जाय आहे, तोही हाच. मूळ शब्द जातीफल, जातीपत्री. जुई म्हणजे ‘यूथिका’. यूथ म्हणजे घोळका, समुदाय. जुई एकटी फुलत नाही, घोसानं फुलते. तेव्हा जाईजुई या नावाचा अर्थ कुणी ‘दोन सुगंधी फुलं’ एवढाच सांगितला तर तो अपुरा आहे. त्यातली एक मैत्रिणींच्या घोळक्यात रमणारी आहे.

वेलींवरून त्या ओळखायच्या कशा तेही सांगते, कारण नाव ठेवणाऱ्यांपैकी पुष्कळांनी त्या वेली पाहिलेल्या नसतात. जाईच्या एका देठावर पानांच्या समोरासमोर जोड्या असतात आणि टोकाला एक पान. कळी बाहेरून गुलाबी झाक असलेली, फूल मोठं, पाच पाकळ्यांचं. जुईचं फूल बारीक, पांढरंशुभ्र, पान साधं; नीट पाहिलंत तर पानाच्या तळाशी कधी कधी दोन इवलाली पानं दिसतात, कानांसारखी. तिच्या शास्त्रीय नावात म्हणूनच कान आहे : जास्मिनम ऑरिक्युलाटम. आणि मोगरा फक्त आपलाच समजू नका. फिलिपीन्सचं राष्ट्रीय फूल सांपागिता म्हणजे आपला मोगराच.

एक व्यवहारातली अडचण आहे, ती आधीच सांगून ठेवते. जाई हे नाव रोमन अक्षरांत नेहमीच्या पद्धतीनं लिहिलं, की वाचणारा सरळ जय वाचतो. शाळेच्या हजेरीत, विमानाच्या तिकिटावर, रुग्णालयाच्या कागदावर मुलीचा मुलगा होतो. जाईजुई असं एकत्र लिहिलंत तर हा घोटाळा पुष्कळ टळतो, कारण जुई जवळ असली की जाई जय वाटत नाही. म्हणून जोडायचं असेल तर दोन्ही शब्द एकत्र लिहा, मधे जागा सोडू नका. जागा सोडली, की पुढं कुठल्यातरी अर्जात दुसरं फूल बापाच्या नावाच्या रकान्यात जाऊन बसतं.

बापाच्या नावाचा विषय निघालाच आहे, तर महाराष्ट्रातला अलीकडचा बदल सांगायला हवा. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांचं नाव सरकारी कागदांवर स्वतःचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव अशा क्रमानं लिहायचं आहे. मला हा निर्णय मनापासून आवडला. इतकी वर्षं आईचं नाव लेकराच्या नावाजवळ येतच नव्हतं, वडिलांच्या नावावरून थेट आडनावावर उडी. आता आई निशिगंधा आणि मुलगी जुई असेल, तर कागदावर दोन फुलं शेजारी शेजारी उभी राहतील. कुणी मुद्दाम जोडलं नाही तरी जोडनाव होऊन जाईल.

राहते ती आजी. तिला कुठल्याच रकान्यात जागा नाही. शेवंता, बकुळा, चंपा, गुलाब, मालती ही नावं तिच्या पिढीबरोबर संपत चालली आहेत. जुनाट वाटतात म्हणून कुणी ती पाळण्यात घेत नाही, आणि मग नवीन काहीतरी हवं म्हणून आपण याद्या चाळत बसतो. माझं म्हणणं एवढंच आहे, की जोडनाव ठेवायचंच असेल तर त्याचा एक भाग घरातून घ्या. नव्या फुलाला जुनं फूल जोडा. जाई हवी आहे ना? मग आजी बकुळा असेल तर जाईबकुळ म्हणून पाहा. नुसतं चंपा नको वाटत असेल तर सोनचाफ्यातलं सोन परत घ्या. आय. सी. कॉलनीतल्या लिली-रोझला हेच साधतं, आणि म्हणून ते नाव मला पोकळ वाटत नाही.

आणि घाई करू नका. जन्माची नोंद वेळेत करायलाच हवी. पण नाव ठरलं नसेल तर नावाशिवायही ती होते, नाव मागाहून घालता येतं. पहिल्या वर्षात त्याला विलंबशुल्क लागत नाही, आणि त्यानंतरही पंधरा वर्षांपर्यंत शुल्क भरून ते नोंदवता येतं. म्हणजे एक पावसाळा थांबायला हरकत नाही. तेवढ्यात दोन्हीकडच्या आज्या-पणज्यांची नावं विचारून वहीत लिहून काढा. माहेरचं नाव आणि लग्नात बदललेलं नाव, दोन्ही विचारा. पुष्कळदा फूल त्या माहेरच्या नावातच सापडतं. हे सांगू शकणारी माणसं घरात आहेत तोवर विचारा.