पँटेनसचा प्रवास आणि आठवी ब

(स्नेहमेळाव्याच्या पहिल्या दिवशी केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



संयोजकांनी मला 'कॉम्प्युटरमधलं काहीतरी सांग' असं सांगितलं होतं. ते मी सांगणार नाही. इथे निम्म्या जणांची मुलंच त्या धंद्यात आहेत, तुम्हाला घरी पुरेसं ऐकायला मिळत असेल. मी अठराशे वर्षांपूर्वीच्या एका प्रवासाबद्दल बोलणार आहे. त्याचं निमित्त मात्र आपल्या आठवी 'ब'च्या वर्गातलं आहे.

इतिहासाच्या तासाला इंग्रजांचा काळ चालू होता. मिशनरी, शाळा, छापखाने. माझ्या बाकावर शेजारी बसणारी मैत्रीण शरणपूरची, ख्रिस्ती. मी मोठ्यांदा, सगळ्या वर्गाला ऐकू जाईल असं विचारलं, "म्हणजे तुम्ही इंग्रजांबरोबर आलात ना?" वर्ग हसला. ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी ती खिडकीजवळच्या बाकावर जाऊन बसली आणि वर्ष संपेपर्यंत तिथेच बसली. ती आज समोर आहे, आणि तिला विचारूनच मी हे सांगते आहे.

ते वाक्य माझ्या डोक्यातून कधी पूर्ण गेलं नाही. काही वर्षांपूर्वी कामाच्या प्रवासात एका विमानतळावर सहा तास अडकले होते, तेव्हा वाचता वाचता मला पँटेनस भेटला.

इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाचा हा माणूस. आधी स्टोइक पंथाचा तत्त्वज्ञ, नंतर ख्रिस्ती झाला आणि तिथल्या ख्रिस्ती विद्यालयाचा प्रमुख. दुसऱ्या शतकाच्या शेवटच्या दशकांत तो धर्मप्रचारासाठी पूर्वेकडे निघाला आणि 'इंडिया'पर्यंत पोचला, असं युसेबियस हा चर्चचा इतिहासकार लिहितो. तिथे त्याला येशूचं नाव आधीच माहीत असलेली माणसं भेटली. त्यांच्याकडे हिब्रू लिपीतलं मत्तयाचं शुभवर्तमान होतं, आणि ते त्यांच्यापाशी बार्थोलोम्यू या प्रेषितानं ठेवलं होतं, असं म्हणत. हिब्रू म्हटल्यावर मला लगेच कोकणातले बेने इस्राएल आठवले. पण तो माझा उतावीळपणा, पुरावा नव्हे.

खरं सांगायचं तर मला त्याच्या धर्मापेक्षा त्याच्या वेळापत्रकात जास्त रस वाटला. त्या काळी अलेक्झांड्रियाहून इकडे यायचं तर आधी नाईल नदीतून होडीनं वर कॉप्टोसपर्यंत जायचं. तिथून उंटांच्या तांड्याबरोबर वाळवंट ओलांडून तांबड्या समुद्रावरच्या बेरेनिकेला. प्लिनीनं या टप्प्याला १२ दिवस दिले आहेत. मग जहाज. 'पेरिप्लस' नावाचं पहिल्या शतकातलं एक ग्रीक पुस्तक आहे, व्यापाऱ्यांसाठी लिहिलेलं. त्यात स्पष्ट म्हटलं आहे की भरूचकडे जायचं तर जुलैत निघावं. म्हणजे नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यानं ढकलत आणायचं आणि पाऊस ओसरता ओसरता आपल्या किनाऱ्याला लागायचं. नारळी पौर्णिमेनंतर आपले कोळी समुद्रात जातात, साधारण त्याच्या थोडं पुढेमागे. परत जायचं तर वारा उलटा फिरायला हवा, म्हणजे मार्गशीर्ष-पौषाच्या सुमाराला. मधले तीनेक महिने माणूस इथेच अडकलेला. रिटर्न तिकीट आहे, पण विमान वाऱ्याच्या मर्जीवर!

त्या तीन महिन्यांत एखादा प्रचारक काय करेल? बंदरात बसून राहणार नाही. रस्ता पकडेल. आणि इथे आपलं नाशिक येतं.

पेरिप्लसमध्ये भरूच आहे, सोपारा आहे, कल्याण आहे, चौल आहे. आत पैठण आहे, भरूचपासून वीस दिवसांच्या वाटेवर, आणि तगर म्हणजे आपलं तेर. टॉलेमीच्या भूगोलात 'नासिक' हे नावसुद्धा आहे. सोपाऱ्याहून थळघाट चढून आलं की आपण इथे पोचतो. आज आपल्यातले अर्धे मुंबईकर कसारा घाट चढून आले, तीच ती बाजू.

सहलीला आपण पांडवलेणीत किती वेळा गेलो आणि माकडांना चणे टाकून परत आलो! दहा क्रमांकाच्या लेण्यातले लेख आपल्याला तेव्हा कुणी वाचून दाखवले असते तर बरं झालं असतं. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात, दुसऱ्या शतकाच्या सुरुवातीचा. त्यानं भरूच, दशपूर, गोवर्धन आणि सोपारा इथे प्रवाशांसाठी निवारे बांधले. तापी, दमण, पारदा, दहाणुका अशा नद्यांवर फुकट नावा ठेवल्या. गोवर्धन म्हणजे इथलंच, नाशिकच्या शेजारचं. शिवाय त्यानं गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणीकडे २००० कार्षापण दरमहा शेकडा एक व्याजानं ठेवले, भिक्षूंच्या चीवरांसाठी. बँकेतल्या मंडळींनी हा दर लक्षात घ्यावा. आणि सतरा क्रमांकाचं लेणं खोदवून घेणारा इंद्राग्निदत्त हा स्वतःला योनक म्हणवतो, म्हणजे यवन, दात्तामित्रीचा राहणारा, उत्तरेकडचा. परक्या मुलखातला माणूस, नाव इथलं, दान बौद्ध संघाला.

म्हणजे पँटेनस निघाला तेव्हा हा रस्ता तयार होता. वाटेवर निवारे होते, नद्यांवर नावा होत्या, यवन दिसल्यावर कुणी दचकत नव्हतं. दुसऱ्या बाजूनंही माहिती पोचत होती. पँटेनसचा शिष्य क्लेमेंट यानं अलेक्झांड्रियात बसून बुद्धाचं नाव आपल्या ग्रंथात लिहून ठेवलं आहे.

मला काय आनंद झाला म्हणून सांगू! विमानतळावरच मी मनात नकाशा काढला: बेरेनिके, सोपारा, थळघाट, त्रिरश्मी डोंगर. आमच्या बाकावरच्या मैत्रिणीला आता सांगते, असं ठरवूनही टाकलं.

पण आमच्या धंद्यात एक सवय लागते. लॉगमध्ये नोंद नसेल तर घडलं असं धरायचं नाही, कितीही वाटलं तरी. पँटेनसनं स्वतः लिहिलेलं प्रवासवर्णन आपल्या हातात नाही. युसेबियसनं लिहिलं ते शंभराहून अधिक वर्षांनी. शिवाय त्या काळचे ग्रीक लेखक 'इंडिया' हा शब्द फार सैल वापरत. इथिओपिया आणि दक्षिण अरबस्तानालाही तेच म्हणत. तो येमेनपर्यंतच गेला असेल असं मानणारे अभ्यासक आहेत. त्याची पावलं नाशिकच्या मातीत उमटली, असं मी तुम्हाला सांगू शकत नाही.

भक्कम नोंद येते ती सहाव्या शतकात. कॉस्मस नावाचा अलेक्झांड्रियाचाच व्यापारी, पुढे साधू झालेला. पृथ्वी पेटीसारखी सपाट आहे हे सिद्ध करायला त्यानं जाडजूड पुस्तक लिहिलं, साधारण ५५०च्या सुमारास. पृथ्वीबद्दल तो साफ चुकला, पण बंदरांबद्दल त्याच्याकडे चांगली माहिती होती. तो लिहितो की 'कल्लियाना' इथे इराणहून नेमलेला बिशप आहे. तिथून तांबं आणि कापड बाहेर जातं हेही तो सांगतो. हे आपलं कल्याण, असं अनेक अभ्यासक मानतात. मग एकदम १३२१. ठाण्यात चार फ्रान्सिस्कन साधू मारले गेले. ते उतरले होते एका नेस्टोरियन ख्रिस्ती घरात, आणि नंतर तिथून गेलेल्या ओडोरिक या प्रवाशानं त्या गावात अशी पंधरा घरं असल्याचं नोंदवलं आहे. वास्को द गामा यायला अजून पावणेदोनशे वर्षं होती, इंग्रजांचं तर नावही नव्हतं.

एवढं हाताशी घेऊन मी तिला फोन केला. तीस वर्षांनी. आठवीतल्या वाक्याबद्दल माफी मागितली आणि लगेच सगळं सांगून टाकलं, पँटेनस, कॉस्मस, ठाण्याची पंधरा घरं. तुम्ही इंग्रजांच्या कितीतरी आधीचे आहात, असं म्हणाले.

ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "अगं, आठवीत तू म्हणालीस आम्ही काल आलो. आता म्हणतेस आम्ही दीड-दोन हजार वर्षांपूर्वी आलो. आम्ही कुठून आलोच नाही गं. आमच्या आजोबांचे आजोबा नगर जिल्ह्यातले. १८७६च्या दुष्काळात शरणपूरला पोट भरायला आले, तिथे मिशनमध्ये राहिले, ख्रिस्ती झाले. इंग्रजांच्या काळातच झाले. त्यात लपवायचं काय आहे?"

मला उत्तर सुचलं नाही. मी तिला जुनेपणाचं प्रमाणपत्र द्यायला निघाले होते आणि तिनं ते मागितलंच नव्हतं. आठवीतली मी आणि ही मी, दोघी एकच गोष्ट तपासत होतो: ही इथली की नाही. तारीख तेवढी बदलली होती.

मग तिनंच विचारलं, "तो पँटेनस पुढे परत गेला का घरी?" गेला असावा, म्हटलं, कारण युसेबियसच्या म्हणण्याप्रमाणे तो अखेरपर्यंत अलेक्झांड्रियाच्या विद्यालयात शिकवत होता. "म्हणजे शाळेत परत आला," ती म्हणाली, आणि आम्ही दोघी हसलो. मग तासभर बोललो. त्यातलं बरंचसं तुमच्याबद्दल होतं, ते इथे सांगत नाही.

उद्या सकाळी सातला शाळेच्या फाटकापासून पांडवलेणीला गाडी निघणार आहे. पायऱ्या आपल्या वयाला जरा जड आहेत, सर आणि बाईंनी सावकाश यावं, घाई नाही. मी सतरा क्रमांकाच्या लेण्यापाशी इंद्राग्निदत्ताचा लेख बघत थांबणार आहे. ती पण येते म्हणाली आहे. चणे आणू नका, माकडं पिशवीच ओढून नेतात.