पडद्यावरचा साक्षीदार



आमचे शिक्षण गिरणीच्या फाटकापाशी झाले. चित्रपटकलेवर बोलण्याचा अधिकार आम्ही सांगत नाही. पण पडद्यावर उभे राहून इतिहास कोणी सांगावा, हा प्रश्न आम्हा कामगारांचाही आहे.

नॉर्वेत र्‍युकान हे कारखान्याचे गाव. शेजारी वेमोर्क येथे तयार होणारे जड पाणी जर्मनांना अणुसंशोधनासाठी हवे होते. २७-२८ फेब्रुवारी १९४३ च्या रात्री नऊ नॉर्वेजियन जवान दरी ओलांडून कारखान्यावर गेले आणि एकही गोळी न झाडता जड पाण्याची यंत्रे उडवून परतले. १९४८ साली यावर चित्रपट निघाला. त्यात मोहिमेतील काही जणांनी स्वतःचीच कामे केली! पुढे १९६५ साली हॉलिवुडने कर्क डग्लसला बर्फात उतरवले. तमाशा मोठा झाला, माणसे लहान झाली.

टोळीचा म्होरक्या योआकिम रोनेबर्ग. युद्धानंतर तो नॉर्वेच्या नभोवाणीत नोकरीला लागला. उतारवयात तो अनुबोधपटांतून स्वतः बोलू लागला आणि २०१८ साली वारला. त्याने सांगितलेली एक गोष्ट आम्हांला फार मोलाची वाटते. वात पेटवणार, इतक्यात पाळीवरचा नॉर्वेजियन कामगार म्हणाला, माझा चष्मा कुठे गेला? युद्धात नवा चष्मा मिळणे कठीण. घाईच्या त्या क्षणी चष्म्याचा शोध सुरू झाला! पराक्रम सांगताना ज्याला दुसऱ्याचा चष्मा आठवतो, त्याच्यावर आमचा विश्वास बसतो.

पण बोलायला सगळेच उरत नाहीत. उरलेले जड पाणी नेणारी 'हायड्रो' ही बोट २० फेब्रुवारी १९४४ रोजी तिन सरोवरात बुडवण्यात आली. अठरा माणसे गेली. त्यांतली चौदा नॉर्वेचीच. ती कधीच कॅमेऱ्यापुढे येणार नाहीत. त्यांचा हिशेब जो मांडतो, तोच खरा निवेदक.

आणि आम्ही काय करतो? संपाचा इतिहास छापतो तेव्हा व्यासपीठावरच्यांची नावे येतात, आमचेही येते. ज्या बाईने मंगळसूत्र गहाण टाकून चूल पेटती ठेवली, ती कोठे असते? मंडळी, पुढच्या वेळी कोणी इतिहास सांगू लागला, की त्याला एवढेच विचारा : चष्मा कोणाचा होता?