‘विदाऊट प्रेज्युडिस’ म्हणजे काय?

(कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणावरून)



वकिलाची नोटीस हातात आली की आपण आधी रक्कम वाचतो, मग धमकी. सगळ्यात वर, अधोरेखित केलेले दोन शब्द तसेच राहून जातात : ‘विदाऊट प्रेज्युडिस’. आज मी तेवढ्यावरच बोलणार आहे.

एम.एस.डब्ल्यू. करून मी नुकतीच केंद्रावर बसायला लागले होते. एक ताई नवऱ्याच्या वकिलाचं इंग्रजी पत्र घेऊन आल्या. दागिने आमच्याकडे आहेत, ते परत करू, वर काही रक्कम देऊ, तुम्ही संमतीने घटस्फोट द्या, असा मजकूर. मी वाचून दाखवलं आणि म्हटलं, “ताई, दागिने त्यांच्याकडे आहेत हे त्यांनीच लिहून दिलंय. याहून मोठा पुरावा कुठला?” प्रेज्युडिस म्हणजे पूर्वग्रह, एवढंच मला ठाऊक. ‘मनात काही न ठेवता लिहितो’ असा सभ्य मायना असेल, असं मी धरून चालले. माझ्या भरवशावर ताईंनी सराफाच्या पावत्या शोधायचं सोडून दिलं. कोर्टात समोरच्या वकिलांनी त्या दोन शब्दांवर बोट ठेवलं, आणि पत्र पुराव्यात आलंच नाही. चूक माझी होती, हेलपाटे ताईंना पडले.

कोर्टाच्या इंग्रजीत प्रेज्युडिस म्हणजे नुकसान, बाध. मूळ लॅटिन शब्द ‘आधीच केलेला निवाडा’ अशा अर्थाचा. रोजच्या इंग्रजीत त्याचा पूर्वग्रह झाला, कायद्याने मात्र त्यातून होणारं नुकसान धरून ठेवलं. आपल्या मराठी कायद्यांत याला ‘बाध न येता’ म्हणतात, आणि मला विचाराल तर ते इंग्रजीपेक्षा सरळ आहे.

पत्राच्या माथ्यावर हे शब्द असले तर अर्थ असा : आम्ही तडजोडीसाठी बोलतोय, यातलं काही उद्या आमच्याविरुद्ध वापरायचं नाही. १८७२ च्या पुरावा कायद्याचं कलम २३ हेच सांगत होतं. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यात ते कलम २१ आहे. पुरावा म्हणून वापरायचं नाही अशा अटीवर दिलेली कबुली दिवाणी दाव्यात धरली जात नाही. लक्षात घ्या, दिवाणी दाव्यात. फौजदारी खटल्यासाठी हे कलम नाही.

ही नवऱ्याचीच सोय आहे असं समजू नका. बैठकीत एखादी बाई रडवेली होऊन म्हणते, “दागिने राहू देत, पोर माझ्याकडे द्या.” ते वाक्य उद्या तिच्यावर उलटू नये, यासाठीही हाच नियम आहे. मात्र हे शब्द म्हणजे मंत्र नव्हेत. पत्रात तडजोडीचं काहीच नसेल, नुसती मागणी किंवा दमदाटी असेल, तर वर शिक्का मारून त्याला संरक्षण मिळत नाही. कोर्ट मजकूर पाहतं.

कायद्याच्या पुस्तकात हेच शब्द वेगळं काम करतात. संविधानाच्या अनुच्छेद ३२(३) मध्ये संसद इतर न्यायालयांना अधिकार देऊ शकते, पण सर्वोच्च न्यायालयाच्या अधिकारांना बाध न येता. म्हणजे नवं दिलं तरी जुनं शाबूत.

आणि हाच अर्थ आपल्याला पावतीवर उपयोगी पडतो. पोटगी मागितली पाच हजार, तो आणून देतो दोन. घरात पीठ नाही, घ्यावे तर लागतातच. वकिलाने टाइप करून आणलेल्या पावतीत ‘फुल अँड फायनल’ असं असतं, म्हणजे पुढे काही मागणं नाही. तिथे सही करू देऊ नका. ते शब्द खोडायला लावा आणि सहीच्या वर तिच्याच अक्षरात लिहायला सांगा : ‘वाढीव पोटगी, स्त्रीधन व माझे इतर कायदेशीर हक्क यांना बाध न येता ही रक्कम स्वीकारली.’ मराठीत चालतं. लिहिता येत नसेल तर तुम्ही लिहा, तिला वाचून दाखवा, मग अंगठा घ्या. पावतीची एक प्रत तिच्याकडे, एक केंद्राच्या फाइलला.