आल्प्सच्या डोंगरी पलटणी
(गांवच्या वाचनालयांत एका प्राथमिक शिक्षकानें दिलेलें व्याख्यान)



आजच्या बोलण्यासाठीं मीं विषय लढाईचा निवडला आहे. पण राजेरजवाडे आणि सेनापति यांच्या बखरी मी सांगणार नाहीं. डोंगरांत लढण्यासाठीं म्हणून ज्या खास पलटणी उभ्या राहिल्या, त्या कोणत्या माणसांतून उभ्या राहिल्या आणि त्या माणसांचें पुढें काय झालें, एवढेंच सांगावयाचें आहे. डोंगरी लढाई म्हटली कीं आपणांस मावळे आठवतात, आणि तें योग्यच आहे. पण त्यांची हकीकत तुम्हीं पुष्कळ वेळां ऐकली आहे. म्हणून मी तुम्हांला आज दूर इटली देशांत नेतों.

इटलीच्या उत्तरेला आल्प्स पर्वताची भिंत आहे. तिच्या पलीकडे फ्रान्स, स्वित्झर्लंड आणि ऑस्ट्रिया. लहानमोठीं राज्यें एक होऊन इटलीचें राज्य १८६१ सालीं झालें, तेव्हां लष्करी धोरण असें होतें कीं, शत्रु खिंडी उतरून खालीं पो नदीच्या मैदानांत आला म्हणजे तेथें त्याला गांठावें. नकाशावर हा बेत फार सोपा दिसतो. पण याचा अर्थ काय? डोंगरांतलीं गांवें, गोठे, गवताच्या गंज्या, बायकापोरें हीं आधीं शत्रूच्या हवालीं करावयाचीं, आणि मग लढाईला आरंभ करावयाचा!

१८७२ सालीं जुझेप्पे पेरुक्केत्ती नांवाच्या एका कॅप्टननें लष्करी मासिकांत लेख लिहून दुसरी तोड सुचविली. हा गृहस्थ स्वतः मैदानी मुलखांत जन्मलेला. पण त्याची दृष्टि चांगली. त्याचें म्हणणें थोडक्यांत असें होतें: खिंडीचें रक्षण त्याच खोऱ्यांतल्या माणसांकडे द्या. वाट त्यांच्या पायांखालची आहे, हवा केव्हां फिरेल हें त्यांना कळतें, थंडी त्यांच्या अंगवळणीं पडली आहे, आणि पाठीमागें त्यांचें स्वतःचें घर आहे. त्याच सालच्या १५ ऑक्टोबरला राजानें नेपल्स येथें हुकुमावर सही केली आणि १५ कंपन्या उभ्या राहिल्या. गंमत अशी कीं, कागदावर हें सारें लष्करी जिल्ह्यांच्या वाढीच्या सदरांत गेलें. नवीन फौज काढतों असें म्हटलें असतें तर वादाचें गुऱ्हाळ किती दिवस चाललें असतें कोण जाणे!

या शिपायांना ‘अल्पिनी’ म्हणतात. भरती कोणाची झाली? मेंढपाळ, गवळी, लाकूडतोडे, पाथरवट, खेचरें हांकणारे, डोंगरउतारावर बटाटे आणि राय पिकविणारे लहान शेतकरी यांची. १८८२ सालीं सहा रेजिमेंटें झालीं. पलटणींना खोऱ्यांचीं आणि डोंगरी शहरांचीं नांवें मिळालीं. टोपीला एक काळें पीस, हीच त्यांची खूण. डोंगरी तोफ सुटी करून तिची नळी एका खेचरावर, चाकें दुसऱ्यावर, गाडा तिसऱ्यावर अशी चढवीत. तेव्हां नाल ठोकणारा लोहार आणि खोगीर शिवणारा कारागीर यांच्यावांचून तोफ वर जाणें नाहीं. निशाणबाजी नंतरची, आधीं खेचराची पाठ सोलली आहे कीं नाहीं तें पाहणारा माणूस पाहिजे.

एका कंपनींत एकाच खोऱ्यांतले चुलतभाऊ, शेजारी, एका शाळेंत बसलेले. यामुळें कोणी कोणाला टाकून पळत नसे. पण दुसरी बाजूहि ऐका. अशी कंपनी एखाद्या सकाळीं कापली गेली म्हणजे एकाच खोऱ्यांतल्या घरोघरीं एकाच आठवड्यांत रडारड होत असे.

आतां आणखी एक पाहा. आपल्या खिंडी राखावयास उभ्या केलेल्या या माणसांची पहिली मोठी लढाई कोठें झाली? आफ्रिकेंत! १ मार्च १८९६ रोजीं अडोवा येथें इथिओपियाचा बादशहा मेनेलिक यानें इटलीच्या फौजेचा मोड केला, त्यांत अल्पिनींची एक पलटण जवळजवळ सगळी गारद झाली. दुसऱ्याचा देश घेण्यासाठीं त्यांना तेथें नेलें होतें. मेनेलिकचे लोक मात्र आपल्याच डोंगरांत लढत होते.

इटलीचें पाहून फ्रान्सनें १८८८ सालीं अशाच पलटणी काढल्या. ऑस्ट्रियाच्या टायरॉल प्रांतांत तर गांवोगांवच्या नेमबाजांची चाल फार जुनी. नॉर्वेंत लाकडी पट्ट्या पायांना बांधून बर्फावर घसरत जाणारे शिपाई अठराव्या शतकापासून होते. हीं नांवें पुरेत.

मे १९१५ मध्यें इटली पहिल्या महायुद्धांत उतरली आणि डोंगराच्या एका अंगाचे शेतकरी दुसऱ्या अंगाच्या शेतकऱ्यांवर गोळ्या झाडूं लागले. अदामेल्लो नांवाच्या बर्फाळ पहाडावर १९१६ सालच्या बर्फांतून सुमारे सहा टनांची एक तोफ माणसांनीं दोर लावून, घसरगाडीवर घालून वर ओढली. ती तोफ आजहि दहा हजार फुटांहून अधिक उंचीवर उभी आहे. आपलें कळसूबाईचें शिखर पाहिलें असेल त्यांनीं त्याच्या जवळजवळ दुप्पट उंची मनांत आणावी. मार्मोलादा पर्वतावर ऑस्ट्रियाच्या शिपायांनीं बर्फाच्याच पोटांत मैलोगणती भुयारें खणून राहण्याच्या खोल्या केल्या. तेथें १३ डिसेंबर १९१६ रोजीं बर्फाचा कडा सुटला आणि त्यांच्या छावणीवर येऊन अडीचशेंहून अधिक माणसें गाडलीं गेलीं. त्या छावणीच्या कॅप्टननें आधींच कळविलें होतें कीं जागा धोक्याची आहे, आम्हांला हलवा. वरिष्ठांनीं नकार दिला.

पण मला विशेष सांगावयाचें आहे तें कार्निया भागांतल्या बायकांविषयीं. शिखरावर शिपाई बसले. पण तेथवर गाडीरस्ता नाहीं, आणि ओझीं वाहण्यास शिपाई खालीं आणावे तर मोर्चा ओस पडतो. पुरुष लढाईवर गेलेले. तेव्हां गांवच्या बायकांना हांक घातली. पंधरा वर्षांच्या पोरीपासून साठीच्या म्हातारीपर्यंत हजारावर बायका निघाल्या. एरव्हीं चारा, शेण आणि लांकडें वाहण्याची विणलेली हाऱ्यासारखी टोपली त्यांच्या पाठीवर असेच. तिच्यांत आतां भाकरी, काडतुसें, तोफेचे गोळे, औषधें आलीं. ओझें तीसचाळीस किलोंचें, चढ दोनतीन तासांचा, हिंवाळ्यांत गुडघाभर बर्फ. एका खेपेला दीड लिरा मजुरी. उतरतांना रिकाम्या हातांनीं येत म्हणाल तर तेंहि नाहीं. शिपायांचे मळके कपडे धुण्यास आणीत आणि कधीं जखमी व मेलेले शिपाई झोळींतून खालीं आणीत. घरीं आल्यावर गाईचें दूध काढणें आणि चूल पेटविणें राहिलेंच होतें.

त्यांतली मारिया प्लोत्स्नेर मेंतिल ही तिमाऊ गांवची, चार लेकरांची आई. नवरा दुसऱ्या मोर्च्यावर. १५ फेब्रुवारी १९१६ रोजीं ओझें टाकून क्षणभर विसावली असतां तिला गोळी लागली आणि ती मेली. तेव्हां ती एकतीस वर्षांची होती. इटलीच्या सरकारनें तिला शौर्याचें सोन्याचें पदक दिलें तें १९९७ सालीं. एक्याऐशीं वर्षांनीं! सरकारी टपाल डोंगरांत उशिरां पोंचतें हें माहीत होतें, पण इतकें?

जून १९१७ मध्यें ओर्तिगारा शिखरावर अल्पिनींच्या वीसएक पलटणी लोटल्या. वाट पाहणें, आडवाट शोधणें, रात्रीं चढणें हें डोंगरी माणसाचें शहाणपण तेथें कोणी विचारलें नाहीं; तोफांच्या माऱ्यांत सरळ समोरून चढा, असा हुकूम. १९ जूनला शिखर मिळालें, २५ ला गेलें. मेलेले, जखमी आणि बेपत्ता मिळून सुमारें २५ हजार माणसें खर्चीं पडलीं आणि सरहद्द होती तेथेंच राहिली.

याहून मोठा अनर्थ दुसऱ्या महायुद्धांत झाला. १९४२ च्या उन्हाळ्यांत हिटलरच्या मदतीला मुसोलिनीनें अल्पिनींच्या तीन डिव्हिजनी रशियांत पाठविल्या. कॉकेशस पर्वतांत लढावयाचें म्हणून त्यांनीं दोर, बर्फांतल्या कुऱ्हाडी, डोंगरी तोफा आणि हजारों खेचरें बरोबर घेतलीं. आणि नेलें कोठें? दोन नदीच्या कांठीं, ताटासारख्या सपाट मैदानांत! समोर रणगाडे, हातांत बर्फ फोडण्याची कुऱ्हाड. पायांतले बूट खिळे ठोकलेले. कातडें ओलें होऊन गोठे आणि खिळ्यांतून थंडी आंत शिरे. रशियन शेतकरी लोकरीच्या जाड नमद्याचे बूट घालीत, त्यांना बाधा होत नसे. चांभारकाम जाणणाऱ्या माणसाला हें एका दिवसांत कळलें असतें; युद्धखात्याला कळलें नाहीं. १७ जानेवारी १९४३ ला माघार सुरू झाली. उणें तीस अंशांहून खालीं उतरलेल्या थंडींत, वेढे फोडीत, पायीं. २६ जानेवारीला निकोलायेव्का गांवापाशीं शेवटचा वेढा फुटला. निघालेल्यांपैकीं निम्म्याहून अधिक घरीं परतले नाहींत.

त्यांत मारिओ रिगोनी स्टेर्न नांवाचा सार्जंट होता, आझियागो पठारावरचा. ओर्तिगारा त्याच्या गांवाहून फार दूर नाहीं. त्यानें पुढें १९५३ सालीं या माघारीवर पुस्तक लिहिलें. त्यांत तो सांगतो: निकोलायेव्काच्या लढाईच्या ऐन भरांत भुकेनें व्याकुळ होऊन तो एका झोंपडींत शिरला, तों आंत हत्यारबंद रशियन शिपाई जेवत बसलेले. कोणीच बंदूक उचलली नाहीं. घरच्या बाईनें त्याला दूध आणि भरडधान्याची पेज वाढली. तो जेवला, आभार मानले आणि बाहेर पडला. बाहेर लढाई चालूच होती.

याच इटलीशीं आपल्या जिल्ह्यांचाहि संबंध आला. १९४४ मध्यें आपल्या मराठा पलटणी तेथल्या अपेनाइन डोंगरांत लढल्या. त्या खास डोंगरी म्हणून काढलेल्या नव्हत्या, हें स्पष्ट सांगतों. पण चढ तेच होते आणि शिधा पोंचविणारीं खेचरें व त्यांचे हिंदी हांके तेच काम करीत होते. १० जुलै १९४४ रोजीं वरच्या टायबर खोऱ्यांत माणगांव तालुक्यांतला नाईक यशवंत घाडगे, आपल्या तुकडींतले सगळे पडल्यावर, एकटा मशीनगनच्या ठाण्यावर धांवला. बाँब टाकला, एकाला गोळी घातली, आणि नवीन काडतुसें भरण्यास वेळ नाहीं म्हणून उरलेल्या दोघांना बंदुकीच्या तडाख्यानें लोळविलें. नंतर आडून आलेल्या गोळ्यांनीं तो पडला. त्याला व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, मरणोत्तर.

आपल्या देशांत गुलमर्ग येथें बर्फांतल्या लढाईचें शिक्षण १९४८ सालीं सुरू झालें. खोऱ्यांतल्या माणसाकडे खोऱ्याचें रक्षण, हा पेरुक्केत्तीचा विचार आपल्याकडे लडाखमध्यें दिसतो. १९६२ च्या चीनच्या लढाईनंतर, १९६३ सालीं, तेथल्याच रहिवाशांच्या भरतीनें लडाख स्काउट्स ही फौज उभी राहिली. १९९९ च्या मे महिन्यांत कारगिलच्या शिखरांवर घुसखोर येऊन बसले, ते सर्वांत आधीं दिसले कोणाला? गारकोन गांवचा ताशी नामग्याल म्हणून एक मेंढपाळ होता, २०२४ सालीं वारला. त्याचा याक हरवला होता. दुर्बीण घेऊन तो डोंगर न्याहाळीत होता, तेव्हां पठाणी वेषांतलीं माणसें दगड रचून बंकर करतांना त्याच्या नजरेस पडलीं. खालीं येऊन त्यानें लष्कराच्या ठाण्यावर वर्दी दिली.