जुन्या चित्रफितींची साक्ष

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेतील भाषण)



मंडळाच्या पन्नास वर्षांवर अनुबोधपट काढण्याचा आपला संकल्प ऐकून आनंद झाला. थोडी धास्तीही वाटली. बखरीला आपण पुरावा मागतो. पडद्यावर हलणाऱ्या चित्राला मात्र कोणी मागत नाही.

१९४२ च्या मे महिन्यात नाझी छायालेखकांनी वॉर्सा येथील ज्यूंच्या कोंडवाड्यात चित्रीकरण केले. २२ जुलैपासून तेथील माणसांना ट्रेब्लिंका येथे ठार मारण्यासाठी नेऊ लागले. तो चित्रपट अपुराच राहिला. युद्धानंतर त्याची सुमारे तासाभराची मूक फीत पूर्व जर्मनीतील संग्रहात आढळली आणि तिच्यातील दृश्ये कित्येक अनुबोधपटांनी प्रत्यक्ष इतिहास म्हणून दाखविली. पुढे १९९८ मध्ये त्याच चित्रीकरणाची टाकून दिलेली रिळे हाती आली. त्यांत एकच प्रसंग पुनःपुन्हा घेतलेला दिसतो. सुखवस्तू ज्यू आपल्याच भुकेल्या बांधवांविषयी निष्ठुर आहेत असे भासविण्यासाठी माणसांना पढवून कॅमेऱ्यापुढे उभे केले होते!

मग ती फीत त्याज्य मानावी काय? मुळीच नाही. उपासमार खरी होती, रस्त्यातील प्रेते खरी होती. खोटी होती ती मांडणी. इस्राएलच्या याएल हर्सोन्स्की यांनी २०१० च्या ‘अ फिल्म अनफिनिश्ड’ या अनुबोधपटात तीच फीत त्या कोंडवाड्यातून वाचलेल्या वृद्धांना दाखविली आणि पाहतानाचे त्यांचे चेहरे टिपले. मारेकऱ्यांनी घेतलेल्या चित्राची उलटतपासणी साक्षीदारांनी करावी, ही कल्पना मला फार मोलाची वाटते.

कधी मूळ फीतच उरलेली नसते. रँग्लर परांजपे १९०१ मध्ये विलायतेहून परतले, तेव्हाचे मुंबईतील स्वागत सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, चित्रित केले होते. ती फीत आज उपलब्ध नाही. अशा वेळी भलत्याच गर्दीचे दृश्य घालून निवेदकाकडून ‘हेच ते स्वागत’ असे वदविण्याचा मोह होतो. त्यापेक्षा पडदा क्षणभर काळा राहिलेला बरा.

आपल्या कपाटात गणेशोत्सवाच्या आणि नाट्यप्रयोगांच्या ज्या फिती असतील, त्या कापण्याजोडण्यापूर्वी एका सायंकाळी ज्येष्ठ सभासदांना दाखवा. कोणता चेहरा कोणाचा, साल कोणते, हे त्यांना विचारा. कॅमेरा कोणाच्या हाती होता आणि त्याने कोणाला चित्रात घेतले नाही, हेही विचारा. दोघांचे म्हणणे जुळले नाही, तर दोन्ही लिहून त्याच डब्यात ठेवा.